उसनी : कादंबरीतल्या एका ताऱ्यासाठी मदत हवी आहे

निफाडची लेक

नमस्कार मंडळी. बऱ्याच वर्षांनी धागा काढतेय, सांभाळून घ्या.

एक कादंबरी लिहायला घेतली आहे. जग पूर्ण काल्पनिक. काळ्या दगडाचं पठार, त्यावर सात गावं, मधून एक नदी, राजा कुठेतरी लांब. या जगाच्या आकाशात नीलज्योती नावाचा तारा आहे. तो शंभर वर्षांतून एकदा तेजाळतो आणि त्या रात्री नदीकाठी जन्मलेलं मूल पुढे राज्य उलथवणार असं भाकीत आहे. माझी नायिका अर्थातच त्या रात्री जन्मते.

पन्नास पानं झाली आणि गाडी अडली. पुजारी सोडले तर ताऱ्याबद्दल कोणी बोलतच नाही! माझी माणसं भाकऱ्या थापतात, बांधावरून भांडतात, बाजाराला जातात, आणि डोक्यावर एवढा तारा आहे हे त्यांच्या गावीही नाही. मग मी बसून यादी केली: सण ३, व्रतं २, देऊळ १. ती वाचताना मलाच जिल्ह्याचं गॅझेटियर वाचल्यासारखं वाटलं.

अशा ताऱ्याभोवती माणसांचं जगणं कसं उभं करायचं? मी सध्या नाशकात, गंगापूर रोडला राहते. गच्चीवरून जेमतेम दहा-बारा तारे दिसतात, त्यामुळे प्रेरणा वगैरे आकाशातून मिळणं बंद आहे.

तिकांडं

ताई, आधी तांत्रिक कुरकुर. निळे तारे भारी, तापट आणि उधळे असतात. आपला सूर्य साधारण १००० कोटी वर्षं पुरेल, हे लोक काही कोटींतच आटोपतात. पण ते सोडा, तुमच्या गावकऱ्यांना त्याचं सोयरसुतक नाही.

खरी अडचण 'शंभर वर्षांतून एकदा' ही आहे. तो तारा पाहिलेलं माणूस गावात जिवंतच नसणार. मग उरते ती ऐकीव गोष्ट. आपल्याकडे उत्तर मुकुटात एक तारा आहे, १८६६ आणि १९४६ साली अचानक उजळला होता. साधारण ८० वर्षांची फेरी. एवढ्या अंतराने येणाऱ्या ताऱ्यावर कोणी पेरणी ठरवत नाही की लग्न. लोकांनी रोज बोलायला हवं असेल तर तारा आयुष्यात पाच-पन्नास वेळा तरी यायला हवा.

तिमिंगल तारकासमूहातला 'मीरा' तारा बघा. (आपली मीराबाई नव्हे. लॅटिन शब्द आहे, अर्थ 'अद्भुत'. हे नाव हेवेलियसने दिलं.) १५९६ च्या ऑगस्टमध्ये फाब्रिसियस नावाच्या पाद्र्याने तो पाहिला, काही आठवड्यांत तो मंदावून दिसेनासा झाला. त्याला वाटलं, संपला. १६०९ साली स्वारी पुन्हा हजर! ही ये-जा ठरावीक आहे हे कळायला १६३८ साल उजाडलं. सुमारे ३३२ दिवसांचं चक्र आहे. तांबूस, फुगलेला, म्हातारा तारा. काही महिने नुसत्या डोळ्यांना दिसतो, उरलेला काळ गायब.

३३२ दिवस म्हणजे वर्षाला महिनाभर कमी. त्यामुळे दर वर्षी साधारण ३३ दिवस आधी येतो. ऋतूंशी त्याचं कधीच जुळत नाही. या न जुळण्यात तुमची कादंबरी असू शकेल.

सदाशिव

वा. म्हणजे राज्य उलथवणाऱ्या ताऱ्याच्या जागी आता अनियमित मासिक हप्ता.

निफाडची लेक

सदाशिवराव, तुम्ही टोमणा मारलात आणि माझं काम केलंत!

काल रात्रभर 'हप्ता' डोक्यात फिरत होता. आमच्या आजीकडे उसन्याची वाटी होती. पितळेची, काठाला पोचा आलेली. शेजारणीला साखर, पीठ, तेल जे काही द्यायचं ते त्याच वाटीने, आणि परत यायचं तेही त्याच वाटीने. आजी म्हणायची, उसनं विसरावं पण वाटी विसरू नये.

तर ताऱ्याचं नाव बदललं. 'उसनी'. आभाळाने काही दिवसांसाठी उसनी दिलेली, म्हणून. त्यांचं वर्ष ३६० दिवसांचं, उसनीचं चक्र ३३० दिवसांचं. साधारण शंभर दिवस दिसते, मग आभाळ परत घेतं. आणि पठारावर सगळे उसनवारीचे व्यवहार तिच्यावर ठरतात. ती दिसायला लागली की घेतलेलं फेडायचं, मावळायच्या आत. नीलज्योती कचऱ्यात, भाकीतही तूर्त बाजूला. कसं वाटतंय?

गावठाण

छान. पण ताई, तुम्हाला कल्पना आहे का, तुम्ही केवढा सुरुंग पेरलाय ते?

मी गावच्या सोसायटीत सचिव म्हणून आयुष्य काढलं. कर्जाच्या रकमेपेक्षा वसुलीची तारीख माणसाला जास्त छळते, हे मी रोज पाहिलं. कांदा चाळीत आहे, भाव नाही, आणि मार्चअखेर डोक्यावर. पंधरा दिवस थांबला तर माणूस वाचेल, पण तारीख थांबत नाही.

आता तुमचा हिशेब करू. दर वर्षी उसनी महिनाभर आधी येणार. ११ वर्षांत तिच्या १२ फेऱ्या, मग पुन्हा त्याच ऋतूत. पेरणी ते काढणी चार महिने धरा, म्हणजे वर्षाचा एक तृतीयांश. याचा अर्थ १२ पैकी ४ वेळा ती पीक रानात उभं असतानाच उगवणार. त्या चार फेऱ्यांत शेतकरी काय करेल? उभं पीक बांधावरच पडत्या भावात देईल, नाहीतर जुनं फेडायला नवं कर्ज काढेल. सावकाराकडे या बारा फेऱ्यांचा हिशेब तोंडपाठ असणार. शेतकऱ्याकडे नसेल असं नाही, पण माहीत असून उपयोग काय?

आणखी एक. १८७५ च्या १२ मे रोजी सुप्याला शेतकऱ्यांचा उठाव झाला आणि पुणे-नगर भागात पसरला. लोकांना सावकारांच्या जिवापेक्षा त्यांचे रोखे हवे होते. वह्या, कर्जखतं बाहेर काढून जाळली. त्यामागे एक मजेशीर (म्हणजे रडवणारी) गोष्ट आहे. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने कर्जरोख्याला तीन वर्षांची मर्यादा घातली होती. हेतू असा की व्याज वर्षानुवर्षं साचू नये. झालं उलटंच. सावकार दर तीन वर्षांनी नवा रोखा करून घेऊ लागले, आणि थकलेलं व्याज त्यात मुद्दल होऊन बसू लागलं. शेवटी १८७९ साली सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा करावा लागला.

तुमच्या जगात नियम मुळात कर्जदाराच्या बाजूचा असू द्या. 'उसनी दिसतेय तोवर मागितलं नाही, तर कर्ज बुडालं.' कोणा दयाळू पूर्वजाने केलेला नियम. आणि आता तोच फास झालाय, कारण दर फेरीला नवा रोखा.

आडगावचा नाना

गावठाणकाका, एकदम खणखणीत. मला कादंबरीतलं कळत नाही, पण तारखेवरनं भांडणं कशी होतात ते नाशिककराला शिकवू नये.

सिंहस्थाचंच बघा. गुरू सिंह राशीत आला की आपल्याकडे कुंभ. गुरूची फेरी बारा वर्षांना थोडी कमी, म्हणून २००३, २०१५, आता २०२७. वैष्णव आखाडे रामकुंडावर, शैव त्र्यंबकला कुशावर्तावर. हे सगळ्यांना माहीत आहे. पण जुन्या ग्रंथांत आणखी एक कलम आहे. सिंहस्थात लग्न करू नये, आणि हा निषेध कुठे, तर गोदावरीच्या उत्तर काठापासून गंगेच्या दक्षिण काठापर्यंत. आता आलं का लक्षात? पंचवटी डाव्या काठाला, जुनं नाशिक उजव्या. म्हणजे काटेकोर धरलं तर या काठाला लग्न नको आणि पूल ओलांडला की वाजवा सनई! एकच गुरू, एकच सिंह, मधे फक्त होळकर पूल.

तुमच्या पठारावर नदी आहेच. एका काठावर उसनी लागू, दुसऱ्यावर नाही, असं करा. वसुलीच्या दिवसांत अर्धं गाव पाहुणं म्हणून पलीकडे. बायकांना माहेर पलीकडचंच हवं. पलीकडच्या मुलीला हुंडा कमी. नावाडी गडगंज.

दुसरं, 'दिसली' हे ठरवणार कोण? तांबूस मंद तारा, पहिल्या दिवशी कोणाला दिसेल, कोणाला नाही. मी म्हणतो दोन साक्षीदार ठेवा, एक देणेकऱ्यांचा, एक घेणेकऱ्यांचा. दोघांनी 'दिसली' म्हटलं तरच दिसली. मग देणेकरी आपल्या बाजूने मोतीबिंदू झालेला म्हातारा नेमतील की नाही?

रात्रपाळी

नाना, हसून हसून पुरेवाट. मोतीबिंदूवाल्या म्हाताऱ्याला माझ्याकडून मानाचा फेटा.

तिकांडं

नानांची साक्षीदाराची कल्पना खगोलाच्या दृष्टीनेही पक्की आहे. अगस्तीचं उदाहरण देतो. व्याधाच्या खालोखाल तेजस्वी तारा, पण दक्षिणेला फार खाली. नाशिकहून तो क्षितिजाच्या वर जेमतेम १७ अंश चढतो, दिल्लीत ९ अंशही नाही. फेब्रुवारीत रात्री नऊच्या सुमारास दक्षिणेला बघा, टेकडी किंवा इमारत आडवी आली नाही तर दिसेल. पावसाळ्याच्या शेवटी तो पहाटे पुन्हा दिसू लागतो आणि नद्यांचं गढूळ पाणी निवळतं, हा संबंध कालिदासालाही माहीत होता. त्याचा उदय दक्षिणेकडच्या गावांना काही दिवस आधी दिसतो, उत्तरेला उशिरा. म्हणजे सावकार दक्षिणेच्या गावचा आणि कूळ उत्तरेच्या गावचं असेल, तर कोणाचं आभाळ धरायचं?

आता एक वेगळाच बॉम्ब. उसनी सूर्याच्या वाटेच्या जवळपास असेल, तर वर्षातले काही आठवडे ती सूर्यप्रकाशात बुडालेली असणार. मीराचंही असंच होतं. आपल्याकडे चैत्र-वैशाखात सूर्य आकाशाच्या त्या भागात असतो, आणि ऐन तेजाची वेळ नेमकी तेव्हा आली तर ती फेरी आपल्या हाती लागत नाही. उसनी दर वर्षी ३० दिवस सरकते म्हटल्यावर ११ वर्षांत एकदा, फार तर दोनदा, हे होणारच. ती आली, उजळली, विझली, आणि कोणी पाहिलीच नाही.

त्या वर्षीच्या कर्जाचं काय?

गावठाण

बुडीत! शब्द तयारच आहे. बुडीत तारा, बुडीत खातं.

निफाडची लेक

अंगावर काटा आला काका. 'बुडीत साल'. गावठाणकाकांच्या नियमाप्रमाणे न दिसलेल्या उसनीत कोणी मागणी करूच शकत नाही, म्हणजे सगळी कर्जं माफ. सावकार म्हणणार, दिसली नाही म्हणजे आलीच नाही, कर्ज पुढच्या फेरीला चालू. इथे पठारावर दोन पंथ पडतील. 'आलीवाले' आणि 'नालीवाले'?

सदाशिव

'नालीवाले' म्हणू नका, गटारसफाईची संघटना वाटते.

आणि आता मूळ आक्षेप. ताई, तुम्ही फँटसी लिहिताय ना? भाकीत काढलं, राजा काढला, जादू नव्हतीच. राहिलं काय, तर सहकार खात्याचं परिपत्रक. वाचकाने आकाशाकडे बघून 'अहाहा' म्हणायचं की पासबुक काढायचं? ताऱ्यात काहीतरी गूढ हवं की नको? आपल्याकडे ध्रुव आहे, अरुंधती आहे. त्यांच्या कथा आहेत, नुसते व्यवहार नाहीत.

तिकांडं

अरुंधतीचं म्हणाल तर लग्नात ती वधूला दाखवतात, कथा सांगतात, सगळं खरं. पण वसिष्ठाशेजारचा तो मंद ठिपका दिसतो का, ही डोळ्यांची परीक्षाही आहे. एकाच ताऱ्यात दोन्ही मावतं.

रात्रपाळी

मी इथे फारसा लिहीत नाही, पण सदाशिवभाऊंच्या 'गूढ कुठे आहे' वरून एक सांगावंसं वाटलं.

मी मूळचा बागलाणातला, सटाण्याकडचा. आता सातपूरला कारखान्यात आहे, नावाप्रमाणे रात्रपाळीत. लहानपणी वडलांबरोबर रात्री दारं धरायला जायचो. शेतीची लाईट रात्रीची असली की मोटार रात्री चालणार, आणि पाणी एका वाफ्यातून दुसऱ्यात वळवायला माणूस चिखलात उभा. हातात फावडं, बॅटरी, मनात बिबट्या. अशा वेळी माणूस तारे बघतो. हौसेने नाही, झोप येऊ नये म्हणून आणि किती वाजले ते कळावं म्हणून. वडील मोबाईल असतानाही तिकांडं (मृगातले ओळीतले तीन तारे) कुठे आलंय बघून सांगायचे, अजून दोन वाफे होतील.

आमच्याकडे मोसम आणि आरम नद्यांवर जुनी फड पद्धत होती. नदीला बंधारा, पाट काढलेला, गावाने मिळून पाणी वाटायचं. पाटाची काळजी पाटकऱ्याकडे, शेतात पाणी फिरवायला बारेकरी, पिकावर रात्री लक्ष ठेवायला जागल्या. ही सगळी गावाने नेमलेली माणसं, मोबदला बहुधा धान्यात.

मला एवढंच म्हणायचं आहे. नानांचे दोन साक्षीदार ठीक, ते बोलावल्यावर बघणार. पण उसनी सगळ्यात आधी कोणाला दिसेल? पुजारी झोपलेला असेल. सावकार झोपलेला असेल. त्या वेळी रानात जागा फक्त दारं धरणारा, आणि बहुतेक वेळा देणं त्याच्याच डोक्यावर. त्याला ती दिसली, आणि त्याला माहीत आहे की अजून कोणालाच दिसलेली नाही. तो सकाळी घरी येऊन काय सांगतो?

आडगावचा नाना

...

(असं तीन टिंबं टाकून गप्प बसायची माझी सवय नाही, पण बसलो.)

सदाशिव

हे मान्य. मागे घेतो. अर्धं.

जात्यावरची

धागा आजच वाचला, सलग. रात्रपाळीदादा, तुम्ही बाप्यांचं सांगितलंत. पहाटे तारा बघणारी आणखी एक जात होती, दळणाऱ्या बायका. पहाटे तीनला उठून जात्यावर बसायचं, दाराबाहेर उगवतीचं आभाळ समोर. सूर्याआधी उगवणारी प्रत्येक चांदणी त्यांनी आधी पाहिली असणार. आणि त्या गप्प नसायच्या, ओव्या गायच्या.

आणि ताई, तुमच्या आजीची वाटी कुठे हरवली हो? तारा वाटीतून निघाला आणि चार प्रतिसादांत सावकाराच्या वहीत जाऊन बसला. बायकांचं उसनं वहीत नसतं. ते ना तारखेवर असतं ना व्याजावर. माझ्या आईचं आणि शेजारच्या काकूंचं पिठाचं उसनं तीस वर्षं चाललं. कोणाकडे किती उरलं कोणालाच ठाऊक नाही, आणि फिटलं असतं तर दोघींना वाईट वाटलं असतं. तुमच्या पठारावरच्या बायका उसनी दिसली की मुद्दाम काहीतरी उसनं मागायला जात असतील. वाटी रिकामी राहू नये म्हणून. पुरुष फेडायच्या धावपळीत, आणि बायका नवं उसनं करतायत!

एक ओवी सुचली, आवडली तर घ्या:

उसनी उगवली, बाई कुणा सांगू नको
दुधात दाणा माझा, त्याला जाग देऊ नको

(जोंधळ्याचा दाणा दुधात आहे, म्हणजे भरलेला नाही, काढणीला वेळ आहे.)

तिकांडं

वाचनखूण साठवली. शास्त्रीय दुरुस्ती शून्य.

निफाडची लेक

काय बोलू. तुम्ही सगळ्यांनी मिळून माझी पन्नास पानं फुकट घालवली, त्याबद्दल मनापासून आभार.

नायिका आता तारा उजळल्याच्या रात्री जन्मत नाही. ती बुडीत सालात जन्मते, म्हणून तिचं वय गावात दोन प्रकारे मोजतात. सावकाराच्या वहीत ती एका फेरीने लहान. तिची आई वाटी घेऊन पलीकडे जाते ते प्रकरण काल लिहिलं, ओवी त्यातच घेते आहे (जात्यावरची, परवानगी आहे ना?). मोतीबिंदूवाला म्हातारा नानांना अर्पण.

आणि आज पहाटे हे लिहिलं. कच्चं आहे, पण पहिलं तुम्हालाच:

"पाणी तिसऱ्या वाफ्यात शिरलं तेव्हा बापाने मान वर केली. उगवतीला, डोंगराच्या खांद्याला लागून, विझत्या निखाऱ्यासारखा एक ठिपका. त्याने डोळे चोळले. ठिपका तिथेच. मागे जोंधळा उभा होता, कमरेच्या वर, हिरवा. पोरगी बांधावर घोंगडीत गुरफटून बसली होती. 'आबा, काय बघता?' तिने विचारलं. 'काही नाही,' तो म्हणाला. मग तिच्या आणि डोंगराच्या मध्ये जाऊन उभा राहिला आणि उजाडेपर्यंत तिथून हलला नाही. पाणी वाफा फोडून वाहून गेलं."

रात्रपाळी

पाणी वाहून गेलं म्हटल्यावर सकाळी बारेकरी विचारणार, रात्री लक्ष कुठे होतं. ते पण लिहा. आमच्याकडे त्याला दंड होता.

सदाशिव

पुढील भागाच्या प्रतीक्षेत.